डोंगरावरची हवा चौथ्या मजल्यावर

काचेची पेटी धुराने भरली तेव्हा आमच्या हॉलमधले वीसच्या वीस जण कामं टाकून तिच्याभोवती कोंडाळं करून उभे होते. मासे ठेवतात तेवढीच ती पेटी. आत पेटत्या कागदाचा बोळा, आणि त्याच्याशेजारी पांढरंशुभ्र, गुळगुळीत यंत्र. विक्रेत्याने बटण दाबलं. वीसपर्यंत आकडे म्हणून होईतो धूर नाहीसा झाला आणि पलीकडच्या माणसाच्या शर्टाची बटणंही मोजता यायला लागली.

"धूर कुठे गेला?" विक्रेत्याने विचारलं, आणि उत्तरही त्यानेच दिलं. "गेला. संपला. ही डोंगरमाथ्यावरची हवा आहे साहेब, फक्त चौथ्या मजल्यावर."

टाळ्या पडल्या. मीही वाजवल्या. मुद्रितं तपासणं हा माझा धंदा. दुसऱ्याच्या मजकुरातली वेलांटी चुकलेली मला लांबून दिसते, डोळ्यांसमोरची थाप मात्र दिसली नाही.

आमचा हॉल भाड्याने टेबलं देणाऱ्यांपैकी. विमावाले भाऊ, दोन वकीलबाई, तिकिटं काढून देणारे, मी, आणि खिडकीजवळ इमारतींचे नकाशे काढणाऱ्या ताई. समोर बांधकाम चालू होतं, त्यामुळे खिडक्या कायम बंद. ताईंना दमा. म्हणूनच तर हवा शुद्ध करणारं यंत्र घ्यायचं ठरलं. ते निवडायला समितीही नेमली होती. समितीने पाच यंत्रांची पत्रकं मागवली, एकही वाचलं नाही, आणि पेटीतला चमत्कार पाहून पाच मिनिटांत निकाल दिला.

ताईंनी तेव्हा एवढंच विचारलं होतं, "याची जाळी कुठे असते? कधी बदलायची?"

विक्रेता कनवाळूपणे हसला. "ताई, जाळी जुन्या जमान्यातली. आपलं यंत्र हवेशी बोलतं."

काय बोलतं, हे विचारायचं कुणाला सुचलं नाही. यंत्र ताईंच्याच टेबलावर ठेवलं, कारण गरज त्यांना जास्त.

मग साक्षात्कारांना ऊत आला. विमावाल्या भाऊंची पाठ दुखायची थांबली. थोरल्या वकीलबाईंना झोप लागू लागली, तीही दुपारी, टेबलावरच. यंत्रावरचा दिवा सकाळी लाल असायचा, मग पिवळा, मग हिरवा. हिरवा झाला की लोक छाती भरून श्वास घ्यायचे, जणू तोवर उसना घेत होते.

ताई मात्र खोकू लागल्या. आधी चारदोनदा, मग दिवसभर. त्यांनी विक्रेत्याला फोन केला. तो स्वतः आला.

"खोकला वाढला? उत्तम. वर्षानुवर्षांची घाण बाहेर पडतेय."

"आणि कमी झाला असता तर?"

"तर यंत्राचा गुण आला म्हणायचं."

यावर आमच्यातले तिघे चौघे मान डोलावत होते. ताईंनी यंत्र बंद केलं की कुणीतरी उठून चालू करायचं. "एकीसाठी एकोणीस जणांनी घाण हवा घ्यायची का?" असं धाकट्या वकीलबाईंनी विचारलं, आणि ताईंनी सामानाच्या खोलीत बसावं असा ठराव आला. हात वर झाले. त्यात माझाही होता. ताईंनी नकाशांच्या गुंडाळ्या काखेत मारल्या आणि कुणाकडे न पाहता निघाल्या. दारापर्यंतच पोचल्या. तिथे भिंतीला धरून खाली बसल्या, ओठ पांढरे पडलेले. दम्याचा फवारा पर्समध्ये सापडेपर्यंत जे काही क्षण गेले, ते मला अजून आठवतात. त्यांचा सख्खा भाऊ घरून येऊन त्यांना दवाखान्यात घेऊन गेला.

तीन दिवसांनी त्या परतल्या. योगायोगाने त्याच सकाळी झेरॉक्स यंत्र दुरुस्त करणारे काका आले होते आणि विक्रेताही आला होता, आणखी तीन यंत्रं गळ्यात मारायला.

काका हॉलमध्ये शिरले आणि दाराशीच थांबून त्यांनी नाक वर केलं. "झेरॉक्स तर बंद आहे ना तुमचं? मग हा वास कसला?"

"डोंगरावरचा," विमावाले भाऊ म्हणाले.

"तीस वर्षं मी हा वास घेतोय," काका म्हणाले. "तो डोंगरावर नाही, जुन्या झेरॉक्स यंत्रात येतो. आतल्या तारेत जबर दाबाची वीज खेळते, तिने हवेचा ओझोन होतो. आमच्या यंत्रांवर लिहिलेलं असतं, कोंदट खोलीत ठेवू नका. छातीला झोंबतो. आणि दमेकऱ्याच्या टेबलावर ठेवलंत हे?"

विक्रेता म्हणाला, "काका, हे विज्ञान वेगळं आहे."

"मग दाखवा," ताई म्हणाल्या. "तुमचीच पेटी, तुमचाच धूर."

पेटीत पुन्हा धूर झाला आणि पुन्हा गेला. काकांनी पांढरं फडकं पेटीच्या आतून फिरवलं. ते पिवळट, चिकट होऊन बाहेर आलं.

"धूर संपला नाही, काचेला चिकटला. विजेने भारलेले कण जवळ जे मिळेल त्याला चिकटतात. एवढ्याशा पेटीत काच वीतभरावर आहे, म्हणून जादू. या हॉलमध्ये अशा किती पेट्या मावतील?"

कुणीतरी ताईंच्या टेबलामागची भिंत दाखवली. यंत्राच्या उंचीवर काळा डाग होता. इतके दिवस आम्ही तो रंगाऱ्याच्या नावावर खपवला होता.

"आणि दिवा?" मी विचारलं.

काकांनी यंत्र बंद करून पुन्हा लावलं आणि त्याच्या तोंडापाशी धुमसता कागद धरला. लाल. पिवळा. बरोबर पाच मिनिटांनी, धुराच्या लोटात, हिरवागार. मग त्यांनी मागचे चार स्क्रू काढले. आत जाळी नव्हती. हवेत वीज सोडणाऱ्या चार सुया होत्या, आणि दिवे वेळेवर बदलणारं एक घड्याळ.

विक्रेता पेटी उचलून निघाला. जाताना म्हणाला, "श्रद्धा नसेल तर यंत्र काय करणार?" त्यावर भाऊंचा हात पुन्हा पाठीवर गेला.

मी ताईंची माफी मागितली. त्या म्हणाल्या, "माफी राहू दे. ती पत्रकं आण."

या वेळी आम्ही ती वाचली. हॉलची लांबी, रुंदी, उंची ताईंनीच मोजली. यंत्र तासाला किती हवा ओढतं, आपल्या हॉलची हवा त्यातून तासात किती वेळा फिरेल, बारीक धूळ धरणारी जाळी आहे का, ती कधी बदलायची, ओझोन सोडतं का, एवढंच प्रत्येक कंपनीला विचारलं. दोघांनी सरळ उत्तरं दिली. त्यांतलं एक यंत्र आता कोपऱ्यात घरघरत असतं. दिसायला कुरूप आहे. कुणाची पाठ त्याने बरी केलेली नाही. पण महिन्याभरात त्याची जाळी काळी पडलेली आम्ही आमच्या डोळ्यांनी पाहिली, आणि ताई आपल्या टेबलावर बसून काम करतात.

बुवा नेहमी भगव्यातच येतो असं नाही, टायही बांधून येतो. तो काहीही नाहीसं करून दाखवू लागला, तर टाळ्या वाजवण्याआधी एक साधा प्रश्न विचारावा: गेलं ते कुठे गेलं? आणि ज्याला त्रास होतोय तो तोंड उघडत असेल, तर त्याला खोलीबाहेर काढण्याआधी त्याचं ऐकावं.