केंडातला वारा

माघातला तिसरा प्रहर. निळ्यात पिवळं मिसळलेलं, पिवळ्यात रुपं सांडलेलं पाणी. काठाला सुरूंची श्यामल रांग. आणि ओल्या वाळूवर पाऊल पाऊल चढणारी फेनवसना, अलसगामिनी भरती. इतकी देखणी दुपार, की घरातलं दुःख घेऊन तिथे यायला लाज वाटावी. पण माणसं येतात, जाणार तरी कुठे?

द्वारकाबाई तारी सकाळपासून तिथेच बसली होती, किनाऱ्यावर ओढून आणलेल्या रापणीचं फाटकं जाळं सांधत. घरी तिच्या सुनेला, रोहिणीला, न्यायला भाऊ आला होता. द्वारकाबाईचा एकुलता एक लेक समुद्रात गेला तो गेलाच; रोहिणीचं आता वेंगुर्ल्याला दुसरं लग्न ठरलं होतं. माणूस चांगला होता. होकार द्वारकाबाईनेच दिला होता.

आणि होकार दिल्यापासून ती जी फुगली होती, विचारू नका! आमटी खारट, केर अर्धवट, चालणं धपधप. रोहिणीने काहीही केलं तरी बोल ठरलेला. सकाळी तर ‘जा एकदाची’ म्हणून ती स्वतःच घराबाहेर पडली. त्या किनाऱ्यावर रुसून फुगणाऱ्याला केंड म्हणतात. तिला तोंडावर म्हणायची कुणाची छाती नव्हती, एवढंच.

खरा केंड तिच्या शेजारीच पडला होता. कंटककाय, गोलोदर, भयविस्फारित डोळ्यांचा इवलासा मासा. धरला की फुगतो, फुगला की काटे उभारतो. दातांनी जाळी कातरतो म्हणून रापणकर त्याला परत पाण्यात टाकत नाहीत, सुक्या वाळूत भिरकावतात. याला द्वारकाबाईनेच, नुकत्याच ओढलेल्या रापणीतून काढून, भिरकावलं होतं.

रोहिणी निरोप घ्यायला आली. पाया पडली. सासूने मान वर केली नाही. मागे फिरताना तिला तो केंड दिसला, उन्हात तडफडणारा, तरी फुगलेला, तरी काटे रोखलेला. तिने त्याला पदरात उचललं, पाण्यात नेलं, सोडलं.

तो बुडेना. शुभ्र पोट आभाळाकडे करून उताणा तरंगत राहिला. लाट आली की येई, लाट गेली की जाई, आणि पुन्हा येई. जीव वाचवायला गेलेली बिचारी नुसती बघत उभी राहिली.

मागे पाणी खळबळलं. द्वारकाबाई लुगडं न सावरता आत शिरली होती.

“वारो भरलो आसा तेच्यात. असो सोडून काय उपेग? तोंड वर करून पाण्याखाली धरूक व्हया.”

आणि धरलाही तिनेच. काटे तळव्यांत रुतले, तिने हात हलवला नाही. मग नीलजलातून पहिला बुडबुडा आला. मग दुसरा. मग मोत्यांची सर तुटावी तसे कितीतरी. एकेक काटा निजला, एकेक भीती उतरली. उरला जेमतेम ओंजळभर मासा. तिने बोटं उघडली आणि तो खाली निघून गेला.

द्वारकाबाई रिकाम्या ओंजळीकडे बघत राहिली. बघता बघता पाण्यातच बसली. लेक गेला त्या दिवशीही न आलेलं रडू आता आलं, खांदे गदगदवीत आलं.

“माका भय वाटता गो,” ती म्हणाली. “तू गेलंस काय माका आये कोण म्हणतला?”

रोहिणी जाणारच होती, आणि तिने जावं हे दोघींनाही कळत होतं. काठावरून भावाची हाक आली. एक लाट म्हातारीच्या कमरेपर्यंत चढली. रोहिणी वाकली, तिचा रक्ताळलेला तळवा तिने आपल्या हातात घेतला.

“आये, ऊठ,” ती म्हणाली. “पाणी चढता.”

द्वारकाबाई उठली. ओलं लुगडं, ओला पदर, ओली वाळू. आणि दोघींच्या पाठीशी सोनेरी, संथ, भरत चाललेला समुद्र.