नदीच्या दोन्ही तीरांवरचा उजेड

मी कोळशावर वीज तयार करणारा एक जुना कारखाना आहे. युक्रेनच्या पूर्वेला, नदीकाठी उभा आहे. उभा आहे म्हणायचं इतकंच; पोटातली आग केव्हाच विझली.

मित्रांनो, मी काही कुणाचा लाडका नव्हतो. माझ्या काजळीने दोरीवरचे धुतलेले कपडे काळे व्हायचे, बायका माझ्या नावाने बोटं मोडायच्या. लहान मुलं खोकायची, त्याचं दुःख मला अजून आहे. पण हिवाळ्यात नदी गोठली, की माझंच गरम पाणी पाइपांतून घराघरांत खेळायचं. मग त्याच बायका बिटाचं सूप ढवळता ढवळता म्हणायच्या, "जळो मेला! पण आहे म्हणून जगतोय."

पुढे युद्ध आलं आणि नदी दोन सैन्यांमधली हद्द झाली. माझ्या तारा मात्र दोन्ही तीरांवर जात होत्या. पाळीप्रमुख रायिसाची थोरली बहीण मोत्र्या पलीकडच्या गावात राहायची.

एके सकाळी पलीकडून तोफगोळे आले. आवाराची भिंत कोसळली. लाइनमन झिनोवी धुळीने पांढराफटक होऊन आत आला.

"रायिसाताई, पलीकडची वीज तोडा! ते गोळे टाकणार आणि आपण त्यांना दिवे लावून द्यायचे?"

"गोळे टाकणारे मूठभर, झिनोवी. दिव्याखाली बसलेल्या म्हाताऱ्या किती?"

"बहीण आहे तिथे, म्हणून बोलताय."

"आहेच. तुझी सासूही तिथेच आहे."

"म्हणून तर तोडा म्हणतोय!"

सगळे हसले. झिनोवीही हसला. वीज कुणी तोडली नाही.

ऐन थंडीत गोळ्यांनीच पलीकडे जाणारी तार तोडली. जोडणी होईपर्यंत गोळीबार थांबवू, असं दोन्हीकडच्यांनी कबूल केलं. झिनोवीने हत्यारांची पिशवी खांद्याला लावली.

"सासूबाई गारठून गेल्या, तर बायको मला घरात घ्यायची नाही," असं म्हणत तो निघाला.

त्याने तार जोडली. पलीकडे दिवे लागले. परतताना वाटेतच गोळा पडला. कुठल्या बाजूचा, ते कुणालाच सांगता आलं नाही.

झिनोवी गेल्याची बातमी आली आणि पाठोपाठ रायिसाचा फोन वाजला.

"अगं, दिवे आले गं!" मोत्र्या रडत होती. "कुणी जोडली तार? देव त्याला उदंड आयुष्य देवो."

"झिनोवीने," रायिसा म्हणाली.

पुढच्या माऱ्यात माझे बॉयलर फुटले. गाव रिकामं करायचा हुकूम आला. बस दारात उभी होती, तरी रायिसा एकेका झडपेचं चाक फिरवून गावाच्या पाइपांतलं पाणी सोडून देत होती.

"ताई, चला ना! आता काय राहिलंय?" बसचा ड्रायव्हर ओरडला.

"पाणी गोठलं तर पाइप फुटतील रे. लोक परत येतील, तेव्हा घरं तरी धड हवीत."

मग ती बसमध्ये बसून गेली. अजून कुणी परत आलेलं नाही.

मित्रांनो, उद्या तुम्ही वाऱ्यापासून, उन्हापासून वीज कराल. माझ्यासारख्या धुरकट म्हाताऱ्याची गरज उरणार नाही, आणि त्याचं मला वाईट वाटणार नाही. मात्र ज्या तारेतून कुणाच्या घरी ऊब जाते, तिच्यावर नेम धरू नका. तुटलेली तार जोडायला कुणी निघालाच, तर तो आपल्या घरी पोचेपर्यंत तरी हात आवरा.