फरवानियातलं रेगन्सबुर्ग

मुक्तानं पाण्याची रिकामी बाटली डोक्यावर उंच धरली, मनी एक्स्चेंजसमोरच्या रांगेकडे पाठ केली आणि म्हणाली, "माइने दामेन उंट हेरेन." सभ्य स्त्रीपुरुषहो. स्त्रियांमध्ये तिची अकरा वर्षांची लेक जुईली होती आणि पुरुषांमध्ये नवरा जयप्रकाश. सहलीला आलेली मंडळी एवढीच. रांगेतल्या दोघातिघांनी माना वळवून पाहिलं, तसा मुक्ताचा आवाज निम्म्यावर आला. बाटली मात्र तिनं खाली घेतली नाही.

"बाटली कशाला?" जयप्रकाशनं विचारलं.

"तिकडचे गाइड छत्री धरतात. घोळक्यातलं कुणी हरवू नये म्हणून."

"मग छत्री आणायची."

"घरात आहे का छत्री?"

नव्हती. कुवेतमध्ये संसार थाटून इतकी वर्षं झाली, घरात तीन सुटकेसी आणि दोन मिक्सर जमले, पण छत्री घ्यायची वेळ काही आली नव्हती. जयप्रकाशनं हार मानली आणि हात पाठीशी बांधून तो पर्यटकासारखा उभा राहिला.

समोरचं मनी एक्स्चेंज म्हणजे रेगन्सबुर्गचं जुनं नगरभवन होतं. निदान मुक्ताच्या जर्मनमध्ये तरी होतं. ती इथल्या एका इस्पितळात नर्स होती आणि मंगळवारी तिची जर्मनची तोंडी परीक्षा होती. एखादं जुनं शहर पायी फिरवून दाखवा, असं परीक्षेत विचारू शकतात, असं श्यामला मॅडमनी बजावून ठेवलं होतं. श्यामला मॅडम म्हणजे फरवानियातल्या नर्सना संध्याकाळी जर्मन शिकवणाऱ्या बाई. खुर्चीत बसून घोकू नका, रस्त्यावर चालता चालता बोला, आपली गल्ली हेच ते शहर समजा, असा त्यांचा हुकूम होता. मुक्तानं रेगन्सबुर्ग निवडलं, कारण ज्या इस्पितळानं तिची ऑनलाइन मुलाखत घेतली होती ते त्या शहरात होतं. ती पास झाली की नेमणुकीचं पत्र येणार होतं.

तर अशी ही वरात शुक्रवारच्या संध्याकाळी फरवानियाच्या गर्दीतून निघाली. हिवाळा होता, हवा छान होती, आणि सुट्टी असल्यानं अख्खा गाव रस्त्यावर लोटला होता. बस थांब्याशी केरळी मुलांचे घोळके, फुटपाथवर मोबाइलची कव्हरं मांडून बसलेले बंगाली, चहाच्या टपरीतून येणारा वेलदोड्याचा वास. या सगळ्यातून मुक्ता उलटी चालत होती, कारण गाइडनं श्रोत्यांकडे तोंड ठेवायचं असतं. दोनदा ती विजेच्या खांबाला धडकता धडकता वाचली. मशिदीपाशी येऊन तिनं मनोऱ्याकडे हात केला आणि सेंट पीटरच्या कॅथीड्रलची माहिती सांगितली. त्याला दोन उंच मनोरे आहेत, तेव्हा दुसरा आपण मनात धरायचा, हे मात्र तिनं मराठीत सांगितलं.

जयप्रकाशला जर्मन येत नव्हतं. पण गेलं वर्षभर ही बाई भाजी चिरताना पुटपुटायची, इस्त्री करताना पुटपुटायची, अधूनमधून झोपेतही पुटपुटायची, त्यामुळे पंधरावीस शब्द त्याच्या डोक्यात फुकटात शिरले होते. ते आपल्याला येतात हे त्यानं कुणाला सांगितलं नव्हतं. त्या शब्दांचा आपल्याला काय उपयोग, हाच प्रश्न होता. तो एका तेलशुद्धीकरण कारखान्यात इन्स्ट्रुमेंट सुपरवायझर होता आणि त्याच्या कंपनीचं कंत्राट या उन्हाळ्यात संपत होतं. ते संपलं की इकामा, म्हणजे राहण्याचा परवाना, संपणार, म्हणजे इथलं राहणंच संपणार. नाशिकला फ्लॅट होता. मुक्ता जर्मनीला जाणार, जुईली तिच्याबरोबर जाणार, आणि आपण नाशिकच्या फ्लॅटच्या बाल्कनीत कुंड्यांना पाणी घालणार, असं चित्र त्याच्या मनात हळूहळू पक्कं झालं होतं. सेहेचाळिसाव्या वर्षी, डिप्लोमाच्या जोरावर, परक्या भाषेत त्याला कोण नोकरी देणार होतं? पण हे झालं व्यवहाराचं. खरं दुखणं वेगळंच होतं. वर्षभरात मुक्ता त्याला एकदाही 'तूही चल' म्हणाली नव्हती. त्यानं विचारलंही नव्हतं. मागून घेतलेलं आमंत्रण त्याला नको होतं.

कोपऱ्यावर रियाजचं दुकान आलं. इथले लोक अशा दुकानाला बकाला म्हणतात. रियाज दापोलीकडचा, गल्लीतल्या सगळ्या मराठी घरांना कोकम आणि ताज्या बातम्या पुरवणारा. मुक्तानं दुकानाकडे बोट दाखवून पुलाशेजारच्या शेकडो वर्षं जुन्या सॉसेजच्या स्वयंपाकघराचं वर्णन सुरू केलं. तिकडे कसली सॉसेजेस भाजतात हे रियाजला कळू नये म्हणून ती यावेळी फारच हळू बोलली. तो मात्र कौतुकानं बाहेर आला.

"काय जेपीभाय, आज सगळी फॅमिली रस्त्यावर? भाभींचं जर्मनीचं कुठवर आलं?"

"मंगळवारी परीक्षा आहे," जयप्रकाश म्हणाला. "पास झाली की जातील त्या दोघी."

"इन्शाल्ला होतील पास," रियाज म्हणाला आणि जुईलीच्या हातात त्यानं चॉकलेट ठेवलं.

मुक्ता सॉसेजच्या मधल्याच वाक्यावर अडकली. तेच वाक्य तिनं पुन्हा सुरुवातीपासून म्हटलं, पुन्हा तिथंच अडकली, आणि मग ते तसंच सोडून पुढे चालू लागली. आता ती उलटी चालत नव्हती. बाटली तिच्या काखेत होती. जयप्रकाशला वाटलं, परीक्षेचं टेन्शन आलं असणार. त्यानं जुईलीला जरा गप्प राहायची खूण केली, आणि ती बिचारी तर मुळात काही बोलतच नव्हती.

हमरस्त्यावरचा पादचारी पूल म्हणजे रेगन्सबुर्गचा दगडी पूल. त्याच्या पायऱ्यांशी मुक्ता थांबली आणि पुलाची दंतकथा सांगू लागली. पण जुईलीनं चॉकलेट चघळत, "आय डोन्ट गेट इट, आई. प्रॉपरली सांग ना," म्हटल्यावर तिला मराठीवर यावं लागलं. पूल बांधणाऱ्या गवंड्यानं काम लवकर व्हावं म्हणून सैतानाची मदत घेतली. त्याच्या बदल्यात, पुलावरून पहिल्यांदा जातील ते तीन जीव सैतानाचे, असं ठरलं. पूल झाला आणि गवंड्यानं शहाणपणा करून आधी एक कोंबडा, एक कोंबडी आणि एक कुत्रा पुलावर सोडला. सैतान असा काही खवळला की त्यानं पुलाला खालून ढुशी मारली, आणि म्हणून तो पूल मध्येच वर उचललेला आहे.

"आय अ‍ॅम द डॉग," जुईली म्हणाली आणि एकेक पायरी गाळत वर पळाली. कोंबडा आणि कोंबडी मागून निघाले.

खालून रेगन्सबुर्गची डॅन्यूब नदी वाहत होती. ती दोन्ही दिशांना वाहत होती आणि तिच्यात बहुतेक टोयोटा होत्या. पुलाच्या मध्यावर वारा लागला तशी मुक्ता कठड्याला टेकली, तिनं दम घेतला आणि बाटली पुन्हा वर केली.

"येट्स्ट गेहेन वीअर युबर दी ब्रुके."

गेहेन जयप्रकाशला माहीत होतं. गेहेन म्हणजे जाणं. वीअरही शंभरदा कानावरून गेला होता.

"वीअर म्हणजे?" त्यानं विचारलं.

"आपण. आता आपण पुलावरून जाऊ."

"आपण, की आम्ही?"

मुक्ता विचारात पडली. "दोन्ही," ती म्हणाली. "त्यांच्याकडे एकच शब्द आहे."

"मग समोरच्या माणसाला कळायचं कसं, आपल्याला धरलंय की वगळलंय?"

त्यानं सूर थट्टेचा ठेवला होता. पण शेवटी शेवटी तो सूर त्याच्या हातात राहिला नाही, आणि ते दोघांच्याही लक्षात आलं. जुईली पुलाच्या पलीकडच्या टोकाला पोचली होती.

"तू मघाशी रियाजला काय म्हणालास?" मुक्तानं विचारलं.

"काय म्हणालो?"

"जातील त्या दोघी." ती खालच्या गाड्यांकडे पाहत होती. "परवा आईंना फोनवरही तेच. दिवाळीला देवळालीच्या मावशींनाही तेच. जर्मनमध्ये शब्द नाही रे, आपल्याकडे आहे ना. आणि तू दर वेळी बरोबर निवडून 'त्या दोघी' म्हणतोस. मला वाटलं, तुझं नाशिकचं ठरलंय."

"तू तरी कुठे म्हणालीस, चल म्हणून?"

"नाही म्हणाला असतास तर माझा अभ्यास झाला नसता."

वर्षभर जयप्रकाश मनातल्या मनात ज्या दारापाशी ताटकळत उभा होता, त्याची कडी त्यानंच लावली होती, आणि वर रुसूनही बसला होता. त्याला स्वतःची लाज वाटली. आणि लाज वाटत असतानाच इतकं हलकं वाटलं की हसू येईल की काय अशी भीती वाटली. त्यानं कठडा धरून ठेवला.

"मी तिकडे करणार काय?" तो म्हणाला. "मला साधं पाणी मागता येत नाही त्यांच्या भाषेत."

"वासर," मुक्ता म्हणाली.

"वासर," तो म्हणाला.

जुईली कंटाळून परत आली आणि सहल संपली का म्हणून विचारू लागली. तिच्यासमोर पुढचं बोलण्यासारखं नव्हतं. मुक्तानं डोळ्यांच्या कडा ओढणीनं टिपल्या, वाऱ्यावर ठपका ठेवला, आणि पुन्हा गाइड होऊन ताठ उभी राहिली. शेवटी पर्यटकांना शंका विचारायला सांगायचं असतं, त्याला मार्क असतात.

"हाबेन झी नोख फ्रागेन?" ती म्हणाली. "काही प्रश्न?"

जुईलीला प्रश्न नव्हता, भूक लागली होती. जयप्रकाशनं शाळेतल्या मुलासारखा हात वर केला. डोक्यातले फुकटातले शब्द त्यानं एकेक करून पुढे आणले. एक कमी पडला, तिथं इंग्रजीतला घातला.

"व्हेन गेहेन वीअर?"

मुक्तामधली विद्यार्थिनी जागी झाली.

"वेन नाही, वान," ती म्हणाली. "त्यांच्यात वेन म्हणजे जर. तू 'आपण जर गेलो' म्हणालास. कधी जायचं विचारायचं असेल तर वान."

"मला 'कधी' हेच विचारायचं होतं."

"मग नीट विचार."

पुलावरून दोन नेपाळी मुलं चालली होती, त्यांना वाट देण्यासाठी तिघंही कठड्याशी सरकून उभी राहिली. ती पुढे गेल्यावर जयप्रकाशनं घसा साफ केला.

"वान गेहेन वीअर?"

यावेळी चूक काढायला जागा नव्हती. मुक्तानं उत्तरासाठी तोंड उघडलं, पण वर्षभर घोकलेल्या जर्मनमधला एकही शब्द तिला आठवेना.

"आई, यू हॅव टू आन्सर," जुईली म्हणाली. "बाबांनी विचारलंय ना."