रडकी नायिका

दोन हजार अकरा सालची गोष्ट. धाकटी घरच्या कॉम्प्युटरवर कादंबरी लिहून दर शनिवारी एक प्रकरण वेबसाइटवर टाकायची. आई गेल्यावरही न रडणाऱ्या तिच्या नायिकेला वाचकांनी डोक्यावर घेतलं होतं. त्या शनिवारी नायिका आईच्या स्वेटरमध्ये तोंड खुपसून रडली, आणि एक निनावी वाचक तुटून पडला.

"रडूबाई! बापाच्या लग्नातही गळा काढणार का?"

बापाच्या लग्नाचं प्रकरण तर अजून घरच्या कॉम्प्युटरवरच होतं, वेबसाइटवर टाकलंच नव्हतं. धाकटीने थेट थोरल्या बहिणीला गाठलं.

"ताई, तूच ना?"

"मीच! आपल्या आईचं जाणं चव्हाट्यावर मांडतेस? काढ ते. मी रडले का कधी?"

"तुझ्यावरच तर बेतली होती ती."

धाकटीने प्रकरण काढलं नाही. पुढे तिची पुस्तकं निघाली. बाबांनी खरंच दुसरं लग्न केलं. ताईने त्या दिवशी धरलेला अबोला सोडला नाही. सासरी जाताना आईचा स्वेटर मात्र तिनेच नेला.