नादकाट्यावरचा आळ

मी एक जुना नादकाटा आहे, आपटला की एकच सूर देणारा दोन पायांचा चिमटा, आणि मित्रांनो, आधीच सांगतो, माझा राग अजून गेलेला नाही. शेफील्डच्या कारखान्यात पोलादाच्या दांड्यातून मला घडवलं आणि कानशीनं घासत घासत एका सुरावर आणलं. मला तेवढा एकच सूर येतो, पण तो पक्का येतो.

एकतीस वर्षं मी इंग्लंडातल्या श्रॉपशर परगण्यातल्या एका छोट्या गावच्या गायकवृंदात होतो. बावीस गाणारे आणि साथीला एकही वाद्य नाही. चारशे वर्षांपूर्वीची लॅटिन स्तोत्रं, खलाशांची गाणी, नाताळची गाणी आणि टाळ्या हव्या असल्या की एखादं ठसकेबाज नाचाचं गाणं, सगळं नुसत्या गळ्यानं. संचालिका ऑड्रीबाई मला गुडघ्यावर आपटून कानाशी धरत आणि सगळ्यांना सूर देत. गाणं संपलं की पुन्हा मला वाजवून पाहत, कारण वाद्य नसलं की गळे हळूहळू खाली घसरतात आणि गाणाऱ्यांना पत्ताही लागत नाही. घसरले असले तर नियम ठरलेला होता. गाणं पुन्हा, चहा नंतर.

"बाई, तुमचा हा काटा माझ्या सासूपेक्षा खाष्ट आहे हो!" खर्जात गाणारे म्हातारे क्लिफर्ड म्हणायचे.

"का? सासू खोटं बोलायची?"

"नाही ना, तेच तर दुखणं होतं!"

गेल्या वसंतात जिल्ह्याची स्पर्धा झाली. क्लिफर्डची बायको जाऊन जेमतेम महिना झाला होता. संथ विलापगीत होतं. त्यांचा आवाज खचत गेला आणि त्याच्यामागे सगळेच खाली आले.

"गोड गायलात," परीक्षक म्हणाले, "पण शेवटी अर्धा सूर खाली आलात."

क्लिफर्डनी मान खाली घातली. तेव्हा ऑड्रीबाईंनी मला उंच धरलं. "चूक या काट्याची आहे. जुना झालाय. सुरुवातीचा सूरच चुकीचा दिला मेल्यानं."

मी हबकलोच. अहो, माझा सूर चुकीचा असता, तरी गाणं ज्या सुरावर सुरू झालं त्याच सुरावर संपायला हवं होतं! हे त्या प्रत्येकाला कळत होतं. तरी एकवीस जणांनी माना डोलावल्या. क्लिफर्डनी तेवढी मान वर केली नाही.

त्यांची लाज राखायची होती, हे मला समजतं. पण त्यासाठी बळी माझा का? एकदा बोललेलं निभवायला हवं, म्हणून पुढच्याच आठवड्यात सूर देणारं बॅटरीवरचं यंत्र आलं आणि मी मेणबत्त्यांच्या तुकड्यांबरोबर कपाटाच्या खणात गेलो.

परवा खण उघडला. क्लिफर्ड एकटेच होते. त्यांनी आधी खिशातल्या त्या यंत्राचा सूर ऐकला, मग मला गुडघ्यावर वाजवलं. दोन्ही सूर एक. त्यांचे डोळे भरून आले.

"तू बरोबर होतास रे बाबा," ते पुटपुटले. "घसरलो मीच."

बाहेर मंडळी जमली होती. आता हे मला सगळ्यांसमोर नेतील, असं मला वाटलं.

"क्लिफर्ड, सापडलं का काही?" ऑड्रीबाईंनी हाक मारली.

"छे हो! जुनं भंगार आहे नुसतं," ते म्हणाले आणि त्यांनी खण लावून टाकला.

मित्रांनो, मला पुसू नका, तेल लावू नका, काचेच्या कपाटात मिरवू नका. फक्त एक करा. कुणाचं खरं होतं हे तुम्हाला एकट्यात पटलं, तर ते चारचौघांत सांगा.