बाजूच्या जागेवरची फुली

एकोणीसशे शहाऐंशी साल. त्या वर्षी गाडीला एकोणीस वर्षं पूर्ण झाली होती आणि चष्मेवालीला छत्तीस.

गाडी तिच्या वडिलांची. ते गेले तेव्हा मागे राहिलं ते बाजारपेठेतलं चष्म्यांचं दुकान, डोळे तपासायच्या भिंगांची लाकडी पेटी आणि ही करड्या रंगाची गाडी. सगळं मुलीनेच घेतलं, कारण घ्यायला दुसरं कोणी नव्हतं. बुधवारी आणि शनिवारी ती पेटी मागच्या सीटवर ठेवून आसपासच्या गावांत जाई, शाळेच्या नाहीतर पंचायतीच्या खोलीत अक्षरांचा तक्ता टांगे आणि लोकांचे डोळे तपासे. तिच्या स्वतःच्या काचा बाटलीच्या बुडाएवढ्या जाड. नवं गिऱ्हाईक आधी तिच्याकडे बघून बिचके आणि मग, हिचं निभावतंय तर आपलं काय घेऊन बसलात, अशा विचाराने निर्धास्त खुर्चीत बसे.

त्या काचांपायीच एकदा तिचं लग्न मोडलं होतं. स्थळ आणलं होतं मावशीने, म्हणजे आईच्या पाठच्या बहिणीने. सगळं जुळत आलं आणि मावशीने मुलाच्या आईला सांगून टाकलं की मुलगी गुणी आहे, पण चष्मा काढला तर तिला समोरची भिंतही दिसत नाही. खोटं एक अक्षर नव्हतं त्यात. पण स्थळ परत गेलं. मुलगी आठ दिवस दुकानात गेली नाही आणि आईने बहिणीला पत्र लिहिलं की आता तुझा माझा संबंध संपला. आठ वर्षं दोघी बहिणी एकमेकींशी बोलल्या नाहीत. आईने हे केलं होतं ते मुलीसाठी, हे मुलीला चांगलं ठाऊक होतं. आणि आईला मधूनमधून त्याचं वाईट वाटतं, हेही ठाऊक होतं. त्यावर ती कधी बोलली नाही, एवढंच.

त्या वर्षीच्या उन्हाळ्यात मावशीच्या सुनेचं पत्र आलं. सासूबाई अंथरुणाला खिळल्यात, तुमचं नाव काढतात, जमलं तर येऊन जा. आईने पत्र दोनदा वाचलं आणि उशीखाली ठेवलं.

मावशीचं घर चाळीस मैलांवर. आई दोन वर्षांपूर्वी जिन्यावरून घसरून पडली होती, तेव्हापासून कमरेला पट्टा होता आणि बसचं नाव काढलं तरी डॉक्टर डोळे वटारत. राहिली घरची गाडी. पण गाडीचीही तब्येत आईपेक्षा बरी नव्हती. ब्रेक दाबला की ती पुढून नाक टेकायला जाई, आणि खड्डा मागे पडला तरी डोलत राही, गोष्ट संपल्यावरही मान डोलावणाऱ्या पाहुण्यासारखी. पुढच्या टायरांवर चट्टे पडले होते. पेटीतली भिंगं तर अशी खुळखुळत की गावात शिरण्याआधीच लोकांना कळे, चष्मेवाली आली.

“गाडी दाखवून घे,” आई म्हणाली. “झाली नीट की मला तिच्याकडे ने.”

“बघू,” मुलगी म्हणाली.

गावात गॅरेजं तीन होती, पण वडिलांची गाडी जायची ती सावकाशकडेच. मेस्त्रीचं खरं नाव लोक विसरून गेले होते. कुणी घाईत आलं की तो म्हणे, सावकाश, आणि तेच नाव त्याला चिकटलं. हात चालायचा जोरात, पण काम सुरू करायला मात्र तो मुहूर्त शोधतोय की काय असं वाटे, कारण त्याची एक पद्धत होती. गाडीच्या बुडाखाली काहीही बदलायचं असलं की तो आधी गॅरेजच्या पत्र्याच्या दारावर खडूने गाडी काढायचा, चौकोनात चार चौकोन, आणि कोण कुठे बसतं ते विचारून त्यात लिहायचा. लोक हसत. कुणी म्हणे, मेस्त्री, लग्नाची पंगत बसवताय का? तो म्हणे, गाडी काय, कुणीही बनवतो, ती कुणासाठी आहे ते कळलं पाहिजे. दारावरचं चित्र गाडी शंभर मैल पळून परत दाखवायला येईपर्यंत तो पुसत नसे.

चष्मेवाली गाडी घेऊन गेली तेव्हा त्याने पुढच्या एका कोपऱ्यावर दोन्ही तळवे टेकून गाडी खाली दाबली आणि सोडली. गाडी वर आली, खाली गेली, पुन्हा वर, पुन्हा खाली. चांगली गाडी एकदा उठते आणि गप्प बसते, तो म्हणाला, ही तर झोपाळ्यावर बसलीये. मग खाली वाकून त्याने चाकामागे बॅटरी मारली. दोन्ही शॉकअब्सॉर्बरच्या नळकांड्या तेलाने काळ्या झाल्या होत्या. उजवा जास्त गळत होता. तिने विचारलं, उजवाच बदलला तर? त्याने तिच्याकडे असं पाहिलं, जणू तिने कुणाला एकाच डोळ्याचा चष्मा करून दिला होता. तिलाच हसू आलं. बदलायचे तर दोन्ही, हे तिच्या धंद्यातल्या माणसाला सांगायला नको होतं.

विक्रेत्याकडून आलेल्या दोन जोड्या त्याच्याकडे होत्याच. एक साध्या तेलाची. ती त्याने हाताने दाबून दाखवली. दांडा सावकाश आत गेला आणि दाबला तिथेच राहिला. दुसरी गॅसची, पट्टीने बांधून आलेली. त्याने पट्टी कापली तसा तिचा दांडा कुणी न सांगता आपणहून वर आला आणि ताठ उभा राहिला. ही कडक, मेस्त्री म्हणाला, वळणावर गाडी हलणार नाही, वजन असलं तरी नाक टाकणार नाही, पेटी जागची सरकणार नाही. पण खड्डा लागला की तो माणसाला कळतो. तेलाची जोडी थोडी झुलेल, लवकर दमेल, पण अंगाला लागणार नाही.

मग खडू घेऊन तो दाराकडे गेला. मागे काय असतं? पेटी, तिने सांगितलं, आणि तक्ता, आरसा, फ्रेमांचे खोके. त्याने लिहिलं, पेटी. गाडी कोण चालवतं? मीच. त्याने लिहिलं, ताई.

“आणि बाजूला?”

त्या दिवशी सकाळी काही घडलं होतं. आई खिडकीशी बसून मावशीला पत्र लिहीत होती, की गाडी दुरुस्तीला जातेय, मी शुक्रवारी येते. लिहिताना ती स्वतःशीच हसत होती. मुलीने ते हसू पाहिलं. आठ वर्षांत आईला असं हसताना तिने पाहिलं नव्हतं, आणि ते मावशीसाठी होतं.

“बाजूला कोणी नसतं,” ती म्हणाली.

आता हे खोटंही नव्हतं. बुधवार-शनिवारी बाजूची सीट रिकामीच असायची. पण मावशीने जे सांगितलं होतं तेही खोटं नव्हतं. सावकाशने बाजूच्या चौकोनात फुली मारली आणि म्हणाला, मग कडकच घालू.

काम तिने उभं राहून पाहिलं. त्याने गाडी उचलून लोखंडी घोड्यांवर ठेवली, चाकं उतरवली, गंजलेल्या नटांवर तेल सोडून चहा पिऊन आला. जुने शॉक बाहेर आले तेव्हा त्यांचा दांडा बोटाने ढकलला तरी आत जात होता आणि आतच पडून राहत होता. नवीन रबरं, नवीन वायसर. खालचा बोल्ट त्याने चाकं जमिनीला टेकल्यावरच आवळला, नाहीतर रबर पिळलेलं राहतं म्हणाला. शेवटी त्याने पुन्हा कोपरा दाबला. गाडी एकदा उठली आणि गप्प बसली. उरलेली तेलाची जोडी त्याने संध्याकाळच्या गाडीने विक्रेत्याकडे परत पाठवली.

शुक्रवारी आई सहा वाजताच तयार होऊन बसली होती. मुलीने दुकानावर पाटी लावली, आईच्या पाठीशी उशी दिली, शाल दिली. गाडी रस्त्याला लागली ती अगदी सरळ, ताठ मानेने. पहिला मैलभर आई मावशीच्या लहानपणीच्या गोष्टी सांगत होती. ती कशी प्रत्येक खरी गोष्ट नको तिथे बोलून मार खायची, आणि मग थोरलीच तिला पाठीशी घालायची.

मग डांबर संपलं. आई बोलायची थांबली. तिने दाराची मूठ धरली. मुलीने वेग कमी केला, पण प्रत्येक खडा मोजून वर येत होता. रेल्वेच्या फाटकावर रूळ ओलांडताना आईच्या तोंडून आवाज निघाला. ओरडणं नव्हे, दारात बोट सापडलं की माणूस श्वास आत ओढतं, तसा.

“थांबू का?”

“चल. पोचू दे.”

अकराव्या मैलावर आईचा चेहरा पांढराफटक पडला. ती म्हणाली, परत वळव. तिथे पोचले तरी मला उभं राहता येणार नाही, आणि तिने मला तसं बघायला नको.

परतताना मुलीला राग आला. कुणाचा, ते तिला कळत होतं, म्हणूनच तो तिने दुसऱ्यावर काढायचं ठरवलं. वाटेत सावकाशचं गॅरेज लागलं तशी तिने गाडी थेट दाराशी नेऊन उभी केली आणि खिडकीतूनच सुरुवात केली. हे काय बसवलंत मेस्त्री, माझी आई अर्धमेली झाली, गाडी आहे की बैलगाडी.

सावकाश हात पुसत बाहेर आला. त्याने बाजूच्या सीटवर बसलेल्या आईकडे पाहिलं आणि त्याचा चेहरा उतरला.

“ताई, मी विचारलं होतं. तुम्हीच म्हणालात, बाजूला कोणी नसतं.”

आणि आपलं काम चुकलं नाही हे दाखवायला, सवयीनेच, त्याने गॅरेजच्या पत्र्याच्या दाराकडे बोट केलं.

आईने चष्मा सारखा केला. तो चष्मा मुलीनेच करून दिलेला, नंबर अगदी अचूक. तिने चौकोन एकेक करून वाचले. मागे पेटी. पुढे ताई. बाजूला फुली.

“ही मी होय,” ती म्हणाली.

“अगं, मला वाटलं तू मागे बसशील.”

“मागे तर पेटी लिहिलीय.”

आई मेस्त्रीकडे वळून म्हणाली की तुमचं काही चुकलं नाही, तुम्ही बिचारे विचारून काम करता. तेलाची जोडी आठ दिवसांत परत मागवतो, काकू, असं तो म्हणाला. मग तो दाराकडे गेला, शर्टाच्या बाहीने फुली पुसली आणि त्या जागी लिहिलं, आई. पण आई तोवर दुसरीकडे बघत होती.

जोडी आली ती पुढच्या शुक्रवारी. मावशी गेल्याची तार आली त्याआधी, बुधवारीच.

सावकाशने दोन तासांत काम केलं, त्या दिवशी चहासुद्धा घेतला नाही. शनिवारी त्या निघाल्या. मुलीने पुढचं दार उघडून धरलं. आई मागचं दार उघडून आत बसली. पेटी त्या दिवशी घरीच ठेवली होती. गाडी पाण्यावरून गेल्यासारखी गेली. फाटकावर मुलीने आरशात पाहिलं तर आईला झोप लागली होती.

मावशीच्या सुनेने दोघींना बसवलं, पाणी दिलं. मग सांगायचं नव्हतं ते ओघात सांगून गेली. आईने कळवलेल्या त्या शुक्रवारी सासूबाईंनी हट्टाने पलंग खिडकीशी सरकवून घेतला होता. दुपारपर्यंत रस्त्याकडे बघत होत्या. करडी गाडी दिसली की सांग, म्हणत होत्या. तिने मावशीचा चष्मा आणून चष्मेवालीच्या हातात दिला. चष्मेवालीच्याच वडिलांनी केलेला होता तो. दुसऱ्या कुणाकडून सासूबाई करून घ्यायला तयार नव्हत्या, आमच्या घरचं दुकान आहे म्हणायच्या. चष्मेवालीने सवयीने काच उजेडाला धरली. नंबर फार जुना होता. त्या काचेतून रस्त्यावरची गाडी करडी आहे की पांढरी, हे मावशीला दिसलंच नसणार.

तो चष्मा तिने घरी आणून ठेवला. का ठेवला, हे आईने कधी विचारलं नाही.

आई त्यानंतर सात वर्षं जगली. मुलीशी तिचं वागणं कणभरही बदललं नाही. ती जेवणाला थांबायची, काचा पुसून द्यायची, गिऱ्हाइकांच्या गमती ऐकून हसायची. फक्त गाडीत ती पुन्हा कधी पुढे बसली नाही. कारण विचारलं की म्हणे, मागे पाय पसरता येतात.

सावकाशने गॅरेज ब्याण्णव साली बंद केलं, गुडघे गेले म्हणून. पत्र्याचं दार भंगारात गेलं. तो पुढे मुलाकडे राहायला गेला आणि तिथेच वारला, असं कळलं. मावशीची सून अजून दर वर्षी डोळे तपासायला येते, आणि तिचे पैसे कुणी घेत नाही. गाडी आई गेल्यानंतर दोन वर्षांनी एका भाजीवाल्याने घेतली. त्याने मागची सीट काढून टाकली आणि बाजूच्या सीटवर बायकोला बसवून बाजाराला नेऊ लागला.

चष्मेवालीने दुकान भाच्याला दिलंय. भाचा म्हणजे मावशीचाच नातू. मावशीचा चष्मा तिच्या टेबलाच्या खणात आहे, आणि तिच्या स्वतःच्या काचा आता आणखी जाड झाल्यात. भाच्याने नवी गाडी घेतली तेव्हा तिला पुढे बसवायला दार उघडून उभा राहिला. ती क्षणभर थांबली, सीटवर हात ठेवला, आणि म्हणाली, “मी मागे बसते. मागे पाय पसरता येतात.”