लाल दिव्याची नाडी

काकासाहेबांना यात काय मिळणार होतं, ते आधी पाहू. ते दूध शीतकरण केंद्राचे व्यवस्थापक. पॅनेलवरची ऑपरेटर रूथ गेली, की तिची खुर्ची त्यांच्या भाच्याला, ओमला. पण रूथचं काम चोख, काढायला कारण सापडेना. आज ते लाल दिव्यात सापडलं.

दूध घालायला आलेलं निम्मं गाव हात जोडून उभं होतं. काकासाहेबांच्या हुकमानं मशीन बंद, तरी पॅनेलवरचा लाल दिवा सेकंदासेकंदाला लुकलुकत होता. काकासाहेबांनी आणलेल्या बाबांनी पॅनेलच्या दारावर तळहात ठेवून डोळे मिटले.

"नाडी लागतीय. यंत्रात देवी उतरलीय. बाईमाणसाचा हात तिला चालत न्हाई."

"देवी बाईच ना, बाबा?" रूथनं विचारलं.

"शंका घिऊ न्हाई."

"आन् आमचं दूध?" छबूबाई म्हणाली. "उनात किती वेळ ठिवायचं?"

"आधी ऑपरेटर बदला."

"रूथ, उद्यापासून येऊ नको," काकासाहेब लगेच म्हणाले. लोकांनी माना डोलावल्या. इतकी वक्तशीर देवी मी तरी पाहिली नव्हती. आपली एसटीसुद्धा नाही.

रूथनं सकाळीच संगमनेरहून अश्विनी मॅडमना बोलावलं होतं. त्या पॉलिटेक्निकला असली पॅनेलंच शिकवतात. आल्या त्या लॅपटॉप घेऊनच.

"देवीला वायरी लावू नका," काकासाहेब आडवे आले.

"देवी वायरीला कशाला भिईल?" मॅडमनी बाजूच्या सॉकेटला केबल जोडली. "बाबा, तुम्ही नाडी सांगत राहा."

"शांत हाय... संथ चाललीय..."

मॅडमची बोटं चालली आणि दिवा एकदम फडफडू लागला. बाबांचे डोळे मिटलेलेच. "संथ... लई संथ..."

"डोळं उघडा, बाबा," छबूबाई म्हणाली. "देवी पळाया लागली."

लोक हसले. मॅडमनी समजावलं, "मशीनला हुकूम देणारी पेटी म्हणजे पीएलसी. तिच्यात ठरावीक वेळाने ठोके देणारे तयार रिले, म्हणजे आपोआप चालू-बंद होणारे स्विच, असतात. एक सेकंदाचा, त्याहून जलद, असे बरेच. आत्ता मी दिव्याला जलद जोडला. मशीन बंद असलं तरी पीएलसी चालू आहे तोवर त्यांचे ठोके चालूच. बिघाड झाला, तरच ठोका दिव्यापर्यंत पोचावा, अशी अट घालतात. इथं ती अट कुणीतरी पुसलीय. बिघाड काहीच नाही."

"मंग मशीन का बंद हाय?"

"बंद ठेवलंय म्हणून."

पीएलसीचा कोर्स गावात एकट्या ओमनं केला होता. सगळे त्याच्याकडे वळले.

"मामा म्हनले, नुस्ता दिवा लाव, मशीनला हात लावू नगं," ओम पुटपुटला.

रूथनं हिरवं बटण दाबलं. कॉम्प्रेसर घरघरला. उद्या येऊ की नको, हे तिनं कुणाला विचारलं नाही.

मंडळी, दिवा लुकलुकला तर हात जोडायच्या आधी दोन गोष्टी विचारा. कशानं लुकलुकतोय, आणि कुणासाठी?

आता शेवटचा जमाखर्च. काकासाहेबांचं पद शाबूत. बाबा नारळ घेऊन गेले. आणि हात जोडून उभं राहिलेल्यांचं दूध तेवढ्या वेळात नासलं. छबूबाईनं आपला कॅन गटारीत उलटा केला. तिच्यामागं रांग होती.